आधी थंड पाणी

ऑल्गोट शेदिनबद्दल मी बोलावं म्हणते
वर्तमानपत्रातली ही मुलगी,
टेपरेकॉर्डर माझ्या कॉफीच्या कपाशेजारी ठेवून.
अगं, मी स्वयंपाकीण नाही.
तोर्नियोहून आलेली, मोडकं स्वीडिश बोलणारी आउने,
एकोणतीस वर्षं त्याची भांडी घासली.
मला तो पाठमोराच जास्त ठाऊक.

तुला हवी ती वर्षं छापून झालीत सगळी :
चौदाव्या वर्षी मालवाहू जहाजावर बटाटे सोलणारा पोरगा,
मग लियाँ, तिथं बोटांवर पळीचे फटके,
आणि लोणी करपायच्या आधी कसं गप्प होतं
ते कानानं ओळखायची विद्या.
मग स्टॉकहोम, धक्क्यावरची मिठाची वखार,
तीन कर्जं, अकरा टेबलं,
दारावर पाटी : सॉल्टबुडेन.

लोक वाढलेलं ताट बघतात.
तो परत आलेलं बघायचा.
मी हात घालायच्या आधी येऊन उभा राहायचा,
खांद्यावर फडकं, ओठात न पेटवलेली सिगारेट,
आणि वाचायचा.
हा भांडून आलाय, बघ, मासा नुसता चिवडलाय.
हिला भूक होती, पण सोबतच्याची लाज वाटली.
ह्यानं सॉस पावानं पुसून घेतलाय,
ह्याला बिलात कॉफी लावू नका.

देवमाणूस वगैरे लिहू नकोस.
एकदा त्यानं फेकलेला तवा माझ्या कानाजवळून गेला.
दुसऱ्या दिवशी माझ्या रबरी हातमोज्यांखाली
क्लाउडबेरीच्या मुरंब्याची बाटली.
शब्दांत माफी मागायची रीत
त्यांच्या घराण्यात नव्हती.

ते घराणं मी एकदाच पाहिलं.
अडुसष्टच्या मार्चमध्ये, बर्फ काळं पडलेलं असताना,
आंगरमानलांडच्या किनाऱ्यावरून दोन गाड्या बदलून
त्याची आई आली, तेक्ला.
जन्मभर हेरिंग साफ केलेले हात,
ते पांढऱ्या चादरीवर कुठे ठेवावेत कळेना तिला.
ऑल्गोटनं पाइक रांधला.
माशावर क्रीम, क्रीममध्ये वाइन,
वाइनमध्ये लियाँची सात वर्षं.
तिनं सगळं खाल्लं, सावकाश, मान वर न करता.
मग उठली, स्वतःचं ताट उचललं
आणि झुलतं दार ढकलून थेट माझ्यापाशी आली,
बाह्या सारत.

तो मागोमाग आला. उभा राहिला.
मी त्याला कशाची इतकी वाट बघताना
आधी पाहिलं नव्हतं, नंतरही नाही.
ती मला म्हणाली,
पाणी फार गरम आहे तुझं.
माशाच्या ताटाला आधी थंड पाणी,
नाहीतर वास शिजून बसतो.
मग त्याला म्हणाली,
गाडी पावणेसातची आहे.

पुढच्या आठवड्यात क्रीम गेलं.
राहिले हेरिंग, बटाटे, शेपू, लोणी,
राईची कडक भाकरी.
कोपनहेगनहून, ऑस्लोहून पोरं शिकायला आली,
पदकं आली, एका मंत्र्यानं भाषण केलं.
ते पुस्तकांत आहे, मी वाचलेलं नाही.
मला एवढंच दिसलं
की ताटं निखळ रिकामी परत येऊ लागली
आणि त्याला वाचायला काही उरलं नाही.
टाकीपाशी यायचा, बघायचा, जायचा.
त्या वर्षांत तो जरा उदासच असे,
पण हे कुणाला खरं वाटत नाही.

आता तिथं चष्म्यांचं दुकान आहे.
मी तिथून चष्मा घेतला नाही,
खाल्ल्या मिठाला जागायचं
तर माझ्याकडून एवढंच होण्यासारखं.

गेल्या शरदात तो इथं आला होता, ह्याच खुर्चीवर.
दुपारी तीनलाच दिवा लावावा लागला.
मी हेरिंग तळले, बटाटे उकडले.
अळणी झालंय, म्हणाला,
आणि दोनदा मागून घेतलं.
तो गेल्यावर मी नळ सोडला,
थंड,
आणि ताट धरून थांबले.
काटे एका बाजूला, नीट.
काठावर शेपूची एक काडी,
मुद्दाम ठेवल्यासारखी, आडवी.

बंद कर ते यंत्र.
तिचा अर्थ मला अजून लागलेला नाही.